डेनिझचे दोन भाऊ

कादंबरीवरून चित्रपट काढताना दिग्दर्शक काय घेतो यापेक्षा काय गाळतो याकडे लक्ष द्यावे, असे आम्हास नेहमी वाटत आले आहे. घेतलेले सगळ्यांनाच दिसते. गाळलेले मात्र मूळ पुस्तक वाचलेल्यालाच जाणवते; आणि कधी कधी नेमके त्या गाळलेल्या पानांतच आपले घर होते, असे ध्यानात येते.

ज्युलियाँ द्युव्हिव्हिए या फ्रेंच दिग्दर्शकाचा १९३० साली पडद्यावर आलेला ‘ओ बोनर दे दाम’ हा मूकपट आम्ही अलीकडे दोनदा पाहिला. नावाचा अर्थ ‘स्त्रियांचे सुख’. हे पॅरिसमधील एका अवाढव्य दुकानाचे नाव आहे. एमिल झोलाने १८८३ मध्ये लिहिलेल्या याच नावाच्या कादंबरीवर हा चित्रपट बेतलेला आहे. झोलाचे नाव एकेकाळी आपल्या ख्रिस्तसभेच्या वर्ज्य ग्रंथांच्या सूचीत होते. ती सूचीच १९६६ साली रद्द झाली, तेव्हा त्याची चर्चा येथे नको. द्युव्हिव्हिएची गोष्ट निराळी. १९५२ सालचा ‘डॉन कामिल्लो’ त्याचाच, आणि १९३५ साली प्रभू येशूच्या दुःखसहनावर ‘गोल्गोथा’ काढणाराही तोच. एवढेच नव्हे, तर या दुकानाच्या चित्रपटाच्या आदल्याच वर्षी, १९२९ मध्ये, त्याने लिझ्यूच्या संत तेरेजाच्या जीवनावर मूकपट काढला होता. तेरेजाला संतपद मिळून तेव्हा चारच वर्षे झाली होती. नॉर्मंडीतील एक मुलगी पंधराव्या वर्षी कार्मेल मठाच्या दारातून आत जाते, हे चित्रित करून झाल्यावर लगेच त्याने नॉर्मंडीच्याच दुसऱ्या एका मुलीची कथा हाती घ्यावी, याचे आम्हास मोठे कुतूहल वाटते. ही दुसरी मुलगी म्हणजे डेनिझ बोद्यू. तिच्यापुढे जे दार उघडते ते दुकानाचे.

कथा थोडक्यात अशी. पोरकी झालेली डेनिझ साँ-लाझार स्थानकात गाडीतून उतरते आणि काकांच्या आश्रयाला निघते. वाटेत जिकडे पाहावे तिकडे त्या बड्या दुकानाच्या जाहिराती. काका बोद्यू यांचे कापडाचे दुकान जुने, अंधारे, तीन पिढ्यांचे वाटावे असे. पाटीवर ‘जुने एल्बफ’ हे नाव. एल्बफ हे नॉर्मंडीतील लोकरी कापडाचे गाव, आणि या पाटीतच काकांची सारी प्रतिष्ठा सामावलेली. परंतु दुकानासमोर, रस्त्याच्या दुसऱ्या बाजूस, तो काचेचा आणि दिव्यांचा डोंगर उभा राहिलेला आहे. काकांकडे गिऱ्हाईक फिरकत नाही. पुतणीला ठेवून घेण्याची ऐपत उरलेली नाही. मग डेनिझ रस्ता ओलांडते आणि काकांच्या वैऱ्याकडेच नोकरी धरते.

रस्ता ओलांडणे ही चित्रपटातील एवढीशी क्रिया, परंतु सारे त्यातच आहे. अलीकडच्या बाजूस काकांची मुलगी जेनव्हिएव्ह. तिचे लग्न दुकानातील कोलोंबाँ या नोकराशी ठरलेले आहे. दुकान जावयाच्या हाती जायचे, तेव्हा मुलीचा वाङ्निश्चय आणि दुकानाचा वारसा ही एकच गोष्ट. दुकानाला बरकत येईल तेव्हा लग्न होईल, आणि बरकत तर येतच नाही. कोलोंबाँचे मन समोरच्या दुकानातील एका विक्रेतीने कधीच ओढून नेले आहे. जेनव्हिएव्ह खिडकीशी बसून झुरते. ती चांगली, आज्ञाधारक, घरात राहिलेली मुलगी. तिच्या नावावर एक पैसाही नाही आणि तिला ‘नाही’ म्हणण्याचा किंवा ‘चालले’ म्हणण्याचा प्रसंगही कधी आलेला नाही. ही भूमिका नादिया सिबिर्स्काया हिने केली आहे. नाव रशियन असले तरी बाई मूळच्या ब्रिटनी प्रांतातल्या. उलट डेनिझचे काम करणारी डिटा पार्लो ही जर्मन. महायुद्ध संपून जेमतेम बारा वर्षे होताहेत आणि एक जर्मन मुलगी पॅरिसच्या पडद्यावर नॉर्मंडीची गरीब पोर म्हणून वावरते आहे! मूकपटाच्या भाषेला उच्चार नसतात म्हणून हे शक्य झाले. आणखी वर्ष-दोन वर्षांनी बोलपट सर्वत्र झाल्यावर तिला ही भूमिका देण्यापूर्वी दिग्दर्शकाने दहादा विचार केला असता. हा द्युव्हिव्हिएचा शेवटचा मूकपट. बोलपटांच्या लाटेत तो मागे पडला, त्यात नवल नाही.

समोरच्या दुकानाविषयी थोडे अधिक लिहावयास हवे, कारण ती केवळ कल्पना नव्हे. झोलाने १८८२ मध्ये ‘बाँ मार्शे’ आणि ‘लूव्र’ या पॅरिसमधील मोठ्या दुकानांत जाऊन वह्या भरभरून टिपणे काढली होती. आरिस्तीद बुसिको या गृहस्थाने १८५२ मध्ये बाँ मार्शेत भागीदारी घेतली आणि कापडधंद्याचे रूपच पालटले. प्रत्येक वस्तूवर लिहिलेला एकच भाव, घासाघीस नाही. आत येऊन पाहावयास मोकळीक, घेतलेच पाहिजे असे बंधन नाही. न आवडलेला माल परत. नफा थोडा, पण खप अफाट; माल जितका लवकर हलेल तितक्या वेळा तेच भांडवल वर्षात फिरेल. आज आपल्याला यात काही विशेष वाटत नाही, पण तागा उलगडण्यापूर्वी गिऱ्हाइकाचा चेहरा आणि खिसा वाचणाऱ्या बोद्यूकाकांना हा भूकंपच होता. द्युव्हिव्हिएने कथा आपल्या काळात, म्हणजे १९२० च्या दशकाच्या अखेरीस आणून ठेवली आणि ‘गालेरी लाफायेत’ या खऱ्याखुऱ्या दुकानाचा चित्रीकरणासाठी उपयोग केला. जिने, गॅलऱ्या, माणसांचे लोंढे पाहताना एखाद्या महामंदिरात उभे असल्याचा भास होतो, आणि तो भास दिग्दर्शकाला हवाच आहे.

या महामंदिराच्या सेविका म्हणजे दुकानातील मुली. त्यांचा वर्ग कोणता? झोलाने या प्रश्नावर बोट ठेवले आहे. त्यांच्या अंगावर दुकानाने ठरवून दिलेला रेशमी पोशाख, बोलणे अदबशीर, हात स्वच्छ. म्हणून त्या कामगारणी नव्हेत. परंतु रात्री निजावयास माळ्यावरची थंड खोली, जेवण दुकानाच्या भोजनगृहात, आणि मंदीच्या दिवसांत केव्हाही ‘उद्यापासून येऊ नका’ असा निरोप. म्हणून त्या बाईसाहेबही नव्हेत. बाईसाहेबांपुढे वाकणाऱ्या, पण बाईसाहेबांसारख्या दिसणाऱ्या या मुलींना दोन्ही बाजूंनी हिणवले जाई. चित्रपटात डेनिझ कपडे अंगावर घालून गिऱ्हाइकांना दाखवणारी मॉडेल म्हणून लागते. पहिल्या दिवशी इतर मुलींच्या घोळक्यात तिला कपडे बदलावे लागतात. तिथला तिचा संकोच, इतरांचे हसणे, आणि मग हळूहळू ताठ होत जाणारी मान डिटा पार्लोने केवळ खांद्यांनी दाखवली आहे. बोलपटात या ठिकाणी कोणीतरी एखादे वाक्य बोलले असते आणि सगळे वाया गेले असते.

आता गाळलेल्या गोष्टीकडे येतो. चित्रपटातील डेनिझ पॅरिसला एकटी उतरते. कादंबरीतील डेनिझ एकटी नाही. तिच्याबरोबर तिचे दोन धाकटे भाऊ आहेत: सोळा वर्षांचा जाँ आणि पाच वर्षांचा पेपे. ती स्वतः वीस वर्षांची. पहिले महिने तिला ठराविक पगार नाही, केवळ विक्रीवरचे कमिशन. आणि जुन्या विक्रेत्या चांगली गिऱ्हाइके तिच्या वाट्याला येऊ देत नाहीत. पेपेला एका बाईंकडे सांभाळायला ठेवलेले, त्यांचे पैसे दरमहा चुकवायचे. जाँ देखणा आणि उधळ्या; काही ना काही लचांड करून बहिणीकडे पैसे मागावयास हजर. डेनिझ रात्री माळ्यावर मेणबत्तीच्या उजेडात नेकटायचे बो शिवते आणि दोन-चार पैसे उभे करते. बूट फाटले तरी नवे घेत नाही. दुकानातल्या मुली या मुलाला पाहून ‘हिचा प्रियकर’ आणि लहानग्याला पाहून ‘हिचे मूल’ अशी कुजबुज करतात, ती तिने सोसली.

द्युव्हिव्हिएने हे दोन्ही भाऊ कात्रीने उडवले. दीड-दोन तासांच्या चित्रपटात सगळे मावत नाही, हे आम्ही जाणतो. तरीही त्या कात्रीने डेनिझचे स्वातंत्र्य बदलले असे आमचे मत आहे. भाऊ नसलेली डेनिझ ही आपल्या नशिबाची शोध घेणारी तरुणी आहे. पर्स हातात घेऊन मोकळी चालणारी. भाऊ असलेली डेनिझ कमावते ती स्वतःसाठी नव्हे. तिला मिळालेले स्वातंत्र्य म्हणजे कोणाच्या दारात हात न पसरता दोन पोरांना जगवण्याची ताकद. जगात दुकानांत, गिरण्यांत, कचेऱ्यांत गेलेल्या पहिल्या मुलींपैकी बहुतेक जणी या दुसऱ्या प्रकारच्या होत्या. पडद्याला मात्र पहिली अधिक शोभते.

हे आम्ही इतक्या ठामपणे का लिहितो, ते सांगितले पाहिजे. आमच्या घरी जाँ आणि पेपे आम्हीच होतो. वडिलांची वसईत केळीची आणि पानवेलीची छोटी वाडी. १९६९ साली त्यांना अर्धांगवायूचा झटका आला; वाडी दुसऱ्याला कसायला दिली, आणि त्याच वर्षी अकरावी झालेली आमची थोरली बहीण दादरला कापडाच्या दुकानात नोकरीस लागली. आम्ही दोघे धाकटे भाऊ शाळेत होतो. ताई सकाळच्या गाडीने जाई आणि रात्री परते. दादरची दुकाने सोमवारी बंद, म्हणून रविवारी तिची पहाटेची मिस्सा आणि लगोलग स्थानकाची वाट. पगाराचे पाकीट ती न फोडता आईच्या हातात देई. आई त्यातून रेल्वेच्या पासाचे पैसे आणि वर दोन-चार रुपये तिला परत देई. दिवसभर उभे राहून तिच्या पोटऱ्यांच्या शिरा फुगल्या, त्या आजतागायत तशाच आहेत. दुकानात बसण्याची सोय नव्हती असे नाही. गिऱ्हाइकांसाठी गादी होती.

तिच्यासाठी स्थळे पाहू लागले तेव्हा एका घरून विचारणा झाली, ‘मुलगी कचेरीत आहे की दुकानात?’ या एका प्रश्नात झोलाचे अर्धे पुस्तक आले. कचेरीत बसणारी आणि दुकानात उभी राहणारी यांच्यात आपल्या समाजानेही पायरी मानली होती, आणि ती पायरी पगाराची नव्हती, खुर्चीची होती. ताईचे लग्न एकतिसाव्या वर्षी झाले. तोवर धाकट्याला नोकरी लागली होती.

खुर्चीचा विषय निघाला म्हणून सांगतो. फ्रान्सने २९ डिसेंबर १९०० रोजी केवळ खुर्च्यांसाठी एक कायदा केला: ज्या दुकानात स्त्रिया विक्रीचे काम करतात तेथे जितक्या स्त्रिया तितकी आसने असलीच पाहिजेत. झोलाच्या कादंबरीनंतर सतरा वर्षांनी. आपल्या देशात केरळने दुकानांतील नोकरवर्गाला बसण्याचा हक्क कायद्याने दिला तो २०१८ मध्ये, कोझिकोडच्या स्त्रियांनी वर्षानुवर्षे लढा दिल्यावर. पाठोपाठ २०२१ मध्ये तमिळनाडूने दिला. फ्रान्समध्ये आठवड्याची सक्तीची सुट्टी १९०६ च्या कायद्याने आली आणि ती शक्यतो रविवारी असावी असे ठरले. या मागणीमागे कॅथोलिक नोकरवर्गही होता. दुकाने व कचेऱ्यांतील कॅथोलिक नोकरांची संघटना पॅरिसात १८८७ पासून काम करीत होती, आणि १९१९ मध्ये स्थापन झालेल्या ख्रिस्ती कामगार महासंघाचा ती कणा ठरली. पोप लिओ तेरावे यांचे ‘रेरुम नोव्हारुम’ हे परिपत्रक १८९१ चे. त्यात न्याय्य वेतनाचा आणि रविवारच्या विश्रांतीचा आग्रह आहे, याचा आम्हास अभिमान वाटतो. परंतु स्त्रीचा स्वभाव घरकामासाठीच अनुकूल आहे असेही त्यात म्हटले आहे, तेही वाचले पाहिजे. वेतन कुटुंब पोसणाऱ्या पुरुषाचे, हे तेथे गृहीत आहे. कुटुंब पोसणारी वीस वर्षांची मुलगी त्या काळी झोलाला दिसली, हे श्रेय त्याचे.

डेनिझचे खरे सामर्थ्य मात्र तिच्या पगारात नाही. दुकानाचा मालक ऑक्टाव्ह मुरे हा स्त्रियांच्या मोहावरच साम्राज्य उभारलेला माणूस. गिऱ्हाईक असो वा नोकर, कोणतीही स्त्री विकत घेता येते अशी त्याची समजूत. तो डेनिझला रात्रीच्या जेवणाचे निमंत्रण देतो. त्या निमंत्रणाचा अर्थ दुकानात सर्वांना ठाऊक असतो. ती नाही म्हणते. तो पैसा देऊ करतो, ती नाही म्हणते. ज्याच्या हाती तिची भाकरी आहे त्यालाच ती नाही म्हणते, आणि तेही दोन भाऊ पदरात असताना. चित्रपटात हा नकार येतो, पण भाऊ नसल्यामुळे त्याची किंमत कमी झाली आहे. एकट्या मुलीने नोकरी गमावली तर ती उपाशी राहील. येथे पेपे उपाशी राहिला असता. पुढे कादंबरीत तिचा शब्द मुरेपाशी चालू लागतो तेव्हा ती काय मागते? मंदीच्या नावाखाली सरसकट काढून टाकणे बंद करा, आजाऱ्यांसाठी डॉक्टर ठेवा, वाचनालय काढा, परस्परसाहाय्याचा निधी उभारा. स्वतःसाठी काहीच नाही.

शेवटी मुरे तिच्याशी लग्न करतो. येथे झोला आणि द्युव्हिव्हिए दोघेही थोडे घाईने पडदा पाडतात असे आम्हास वाटते. कारण फ्रान्सचा तेव्हाचा कायदा पाहा. १८०४ च्या नागरी संहितेनुसार पत्नीने पतीची आज्ञा पाळावी असे कलमच होते, आणि ते १९३८ पर्यंत टिकले. विवाहित स्त्रीला स्वतःच्या कमाईवर हक्क मिळाला तो १९०७ मध्ये. पतीच्या परवानगीविना नोकरी धरण्याचा आणि बँकेत खाते उघडण्याचा हक्क थेट १९६५ मध्ये. म्हणजे माळ्यावर निजणारी अविवाहित विक्रेती डेनिझ आपल्या पगाराची मालकीण होती, आणि मालकीणबाई झाल्याच्या दिवशी कायद्याने तिला पतीच्या संमतीवाचून पाऊल टाकता येणार नव्हते. कायद्याच्या पुस्तकात असले तरी प्रत्येक घरात तसेच घडत असे, असे नाही. संत तेरेजाच्या मातोश्री झेली मार्टिन यांचा आलाँसाँ गावी लेसचा स्वतःचा धंदा होता, हाताखाली कारागीर स्त्रिया होत्या. आणि पती लुई यांनी १८७० मध्ये आपले घड्याळाचे दुकान सोडून पत्नीच्या धंद्यात मदत केली. हे दांपत्य २०१५ मध्ये संतपदास पोहोचले. त्यांच्या मुलीचे चरित्र चित्रित करणाऱ्या दिग्दर्शकाला हे घर ठाऊक असणारच. मुरे लुई मार्टिनसारखा निघाला की नाही, हे मात्र तो सांगत नाही.

चित्रपटाच्या शेवटाशी आमचे खरे भांडण वेगळेच आहे. दुकानाच्या विस्तारासाठी आजूबाजूची घरे पाडण्याचे काम सुरू होते. इकडे जेनव्हिएव्ह मरणशय्येवर आहे आणि तिकडे भिंतींवर कुदळी पडताहेत; घाव, धूळ, काकांचा चेहरा, पुन्हा घाव, अशी एकामागून एक दृश्ये इतक्या वेगाने येतात की मूकपट असूनही कान झाकून घ्यावेसे वाटतात. मुलगी जाते. भ्रमिष्ट झालेले काका पिस्तूल घेऊन समोरच्या दुकानात शिरतात, गर्दीत गोळ्या झाडतात, आणि अखेर त्या दुकानाच्याच माल पोहोचवणाऱ्या गाडीखाली सापडून मरतात. इतके झाल्यावर खचलेल्या मुरेला धीर देते ती डेनिझ: थांबू नका, हे पुढे चालूच राहिले पाहिजे. झोलाने काकांना मारले नाही; थकून वृद्धाश्रमाच्या आसऱ्याला जाणारा तो म्हातारा आम्हास अधिक खरा वाटतो. काकांच्या पार्थिवावरून विस्ताराची भाषा बोलणारी डेनिझ तर आम्हास ओळखूच आली नाही. दोन घरच्यांना पोसण्याचा भार जिने वाहिला ती हे बोलली नसती.

दुसऱ्यांदा चित्रपट पाहिला तेव्हा ताई आमच्याकडे राहावयास आली होती. पडद्यावर मजकुराची पाटी आली की आम्ही तिला मराठीत सांगत होतो. मुरे तिला आवडला नाही. जेनव्हिएव्हसाठी तिने डोळ्यांना पदर लावला. मध्येच तिने विचारले, ‘ही पोरगी पैसे कोणाला पाठवते?’ आम्ही म्हणालो, चित्रपटात कोणालाच नाही; पुस्तकात हिला दोन भाऊ आहेत. ‘त्यांचे काय झाले मग?’ थोरल्याचे लग्न झाले, धाकटा शाळेत शिकू लागला, असे आम्ही सांगितले. ताईने मान डोलावली आणि पाय उचलून समोरच्या स्टुलावर ठेवले.